व्हर्लिन स्टॅम्पर आणि पाइन रिजचे आवाज

८ फेब्रुवारी १९८७, रविवार
आज ऐतिहासिक गोष्ट घडली. पुढे तारखेवरून वाद नको म्हणून लिहून ठेवतो. ओपल मावशींच्या अंत्यविधीला आम्ही चौघं गायलो. मी, माझी बायको नेडीन, तिचा भाऊ कॉय आणि केस कापायचं दुकान चालवणारी लव्हॉन. दुसऱ्या कडव्याला अख्खं चर्च रडत होतं. नंतर तळघरात जेवताना मी जाहीर केलं की हा आता ग्रुप आहे. कॉय म्हणाला, मयताला लोक तसेही रडतात. कॉय शाळेची बस चालवतो. त्याची नजर पुढच्या स्टॉपपलीकडे जात नाही.
संकल्प: ख्रिसमसच्या आत नॅशव्हिल, गाणाऱ्यांची राजधानी.

९ फेब्रुवारी
नाव ठरवलं: ‘व्हर्लिन स्टॅम्पर आणि पाइन रिजचे चौघे’. कॉयने बोटं मोजली. मला धरून चार, मला सोडून तीन, मग चौथा कोण, असं विचारलं. लव्हॉन उगाच हसली. शेवटी ‘पाइन रिजचे आवाज’ केलं. आवाज कोणी मोजत बसत नाही.

११ फेब्रुवारी, पहाटे ५
श्वासाचे व्यायाम सुरू. गाणाऱ्याचा दम पोटात असतो. आजपासून रोज.

१२ फेब्रुवारी, सकाळी ८:१५
बाहेर बर्फ. खोल श्वास घेतला की खोकला येतो. रोज म्हणजे मार्चपासून रोज.

१ मार्च, रविवार
पहिली तालीम, आमच्या स्वयंपाकघरात. लव्हॉन म्हणाली, व्हर्लिन, तू सुराच्या जरा खाली लागतोयस. मी तिला समजावलं की मुख्य गायक जिथे उभा असतो तिथे सूर असतो, बाकीच्यांनी तिथे यायचं. तिने नेडीनकडे पाहिलं. नेडीन म्हणाली, मक्याचा पाव गार होतोय, आधी खाऊन घ्या.

१४ मार्च, शनिवार
पहिला जाहीर कार्यक्रम. गावच्या हौशी अग्निशामक दलाची मासे तळून खायची जत्रा. शंभरावर लोक. माझ्या एकट्याच्या कडव्याला नेमका भोंगा वाजला आणि अर्धे श्रोते शिरस्त्राणं घालून पळाले, कारण अर्धे श्रोते म्हणजे दलच होतं. राहिलेले तळलेल्या माशांच्या रांगेत गेले. मासा गरम असताना माणूस काय करणार.
नंतर कळलं, आग कुठेच नव्हती. भोंग्याच्या खोलीची किल्ली फक्त दलाच्या प्रमुखाकडे असते. अशा निष्काळजी माणसाच्या हातात गाव दिलंय.

२० एप्रिल, सोमवार
पशुखाद्याच्या गिरणीतली नोकरी सोडली. एकवीस वर्षं कोंबड्यांचं खाद्य भरलं, बस झालं. दोन होड्यांवर पाय ठेवून कोणी मोठं झालेलं नाही. गार्लंडसाहेब म्हणाले, शरद ऋतूपर्यंत तुझी जागा ठेवतो. मी म्हटलं, ठेवू नका.
नेडीनला सांगितलं तेव्हा ती बटाटे सोलत होती. सोलत राहिली. घरात होते नव्हते तेवढे सगळे सोलले.

२२ एप्रिल
बटाटे.

२३ मे, शनिवार
गावच्या रेडिओवर सकाळी आठ ते सव्वाआठ. दर शनिवारी गायचं ठरलं. स्टेशनवाल्याने आम्हाला एकाच माइकभोवती उभं केलं आणि मला दाराजवळ. तिथून आवाज गोल होऊन जातो म्हणे.

३० मे
अकरा पत्रं आली. अकराच्या अकरांत उंच आवाजातल्या बाईंची, म्हणजे नेडीनची, चौकशी. एकाने लिहिलंय, त्या गातात तेव्हा मी ट्रॅक्टर बंद करून बांधावर बसतो. माझ्याबद्दल कोणी लिहिलं नाही. साहजिक आहे. मुख्य गायकाला पत्र लिहायला लोक बिचकतात.
एका पत्रात विचारलं होतं, मागे कोणतं यंत्र चालू असतं. स्टेशनवाल्याला सांगायला हवं, कुठलीतरी मोटर घरघरतेय.

६ जून, शनिवार
प्रत्येकाला वेगळा माइक, मोठे स्पीकर आणि आवाज कमी-जास्त करायची बटणांची पेटी घेतली. जुनं सामान आहे, पण आपलं. पेटी कॉय सांभाळणार. मला यांत्रिक गोष्टींत पडायचं नाही.

२१ जून
चमत्कार. पेटी आल्यापासून तीन कार्यक्रम झाले, तिन्ही ठिकाणी लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. गंमत म्हणजे स्टेजवर मला माझा आवाज आता वेगळा ऐकूच येत नाही. इतका मिसळलाय. साखर विरघळल्यावर चहात कुठे शोधायची. तरुणपणी चुलते सांगायचे, एका सुरात गाणं जमलं की ‘मी’ उरत नाही. ते मला सेहेचाळिसाव्या वर्षी साधलं.

४ जुलै, शनिवार
कोर्टासमोरच्या हिरवळीवर सहाशे माणसं. शेवटच्या गाण्याला एक म्हातारा टोपी छातीशी धरून उभा राहिला आणि मग एकेक करत सगळे उभे राहिले. मी डोळे मिटून गायलो. उघडले तेव्हा नेडीन माझ्याकडे बघत होती आणि रडत होती. तिच्याजवळ जाऊन म्हटलं, बघ, मी म्हणत होतो ना. ती म्हणाली, हो, म्हणत होतास.
एवढा सुखाचा दिवस मला आठवत नाही.

१५ ऑगस्ट, शनिवार
जिल्ह्याच्या जत्रेत नॅशव्हिलचा माणूस आला होता. फेरिस व्हिटलो. ध्वनिमुद्रण करून देतो, मोठ्या लोकांत ऊठबस. शेळ्यांच्या मांडवाजवळ नेडीनशी अर्धा तास बोलला. मग माझ्याकडे आला आणि विचारलं, गाड्या कुठे लावतात. बोलणी नेहमी अशीच आडून सुरू करतात.
दहा सप्टेंबरला बोलावलंय. चौघांना. ख्रिसमसच्या साडेतीन महिने आधी.

१६ ऑगस्ट
श्वासाचे व्यायाम. आजपासून नक्की.

९ सप्टेंबर
कॉयचं काहीतरी बिनसलंय. संध्याकाळी अंगणात येऊन म्हणाला, व्हर्लिन, उद्या घसा बसलाय असं सांग ना, आम्ही तिघं गाऊन येतो. माझा घसा ठणठणीत आहे, मी म्हटलं. तो म्हणाला, तीच तर अडचण आहे. मोठ्या संधीपुढे छोटी माणसं अशीच कच खातात.

१० सप्टेंबर, गुरुवार
नॅशव्हिल. काचेची खोली. चौघांना चार माइक, कानांवर ते मोठे हेडफोन. दोन ओळी झाल्या आणि काचेपलीकडच्या तंत्रज्ञाने थांबवलं. दुसऱ्या माइकच्या वायरीत गुणगुण येतेय म्हणाला. वायर बदलली. पुन्हा थांबवलं. माइक बदलला. बाहेरचा फ्रीज बंद केला. मग म्हणाला, एकेकाने गा बघू.
नेडीन गायली. कॉय गायला. लव्हॉन गायली. मी गायलो.
तंत्रज्ञाने स्वतःच्या कानांवरचे हेडफोन काढून ठेवले. मग बटण दाबून अगदी प्रेमाने विचारलं, काका, आतापर्यंत कसं काय निभावलं तुम्ही?
लव्हॉन बुटांकडे बघत होती.
बाहेर गाडीजवळ कॉयने सांगितलं. सहा जूनपासून माझा माइक बंद आहे. प्रत्येक कार्यक्रमात. चार जुलैलासुद्धा. मी विचारलं, कोणाची अक्कल? त्याने गाडीचं दार उघडून पुन्हा लावलं. मग म्हणाला, नेडीनची.
चार तासांचा रस्ता. कोणी रेडिओ लावला नाही.

११ सप्टेंबर
बोललो नाही.

१२ सप्टेंबर, शनिवार
नेडीनला सोडायचं ठरवलं. बॅग काढली तर तिच्यात स्पीकरच्या वायरी. त्या सोडवत बसलो. एक तास गेला. नेडीन येऊन समोर बसली आणि दुसऱ्या टोकाने सोडवू लागली.
मी म्हटलं, तू मला फसवलंस.
ती म्हणाली, “हो. त्या मासे तळायच्या दिवशी तू डोळे मिटून गात होतास. मी मिटले नव्हते. लोक काय करत होते ते मी बघितलं, व्हर्लिन. दलप्रमुख उठून भोंग्याकडे गेला तेही बघितलं. पुन्हा तसं बघायची माझ्यात ताकद नव्हती. मग एकतर ग्रुप मोडायचा, नाहीतर बटण बंद करायचं. तू नोकरी सोडून बसलेला. ग्रुप मोडला असता तर तू मोडला असतास.”
मी म्हटलं, मग मी इतका वाईट गातो?
“एकोणीस वर्षं तू न्हाणीघरात गातोस आणि मी दाराबाहेर कपड्यांच्या घड्या घालते,” ती म्हणाली. “मी कधी दार लावून घे म्हटलंय?”
हे उत्तर नव्हे. पण बॅग भरली नाही.

१४ सप्टेंबर
नवा विचार. मला ग्रुपने मागे खेचलं. एकट्याने गावं. स्वतःचा माइक, स्वतःचं बटण.

१९ सप्टेंबर, शनिवार, दुपार
वृद्धाश्रमात एकट्याचा कार्यक्रम. नऊ जण. चार झोपले, ही शांत गाण्याला मिळालेली दादच आहे. तिघांना नर्स घेऊन गेली. एका आजोबांनी तिसऱ्या गाण्यात यंत्र कानातून काढलं, नीट पुसलं, खिशात ठेवलं आणि माझ्याकडे बघून हसले.
नववी आजी रडत होती. जवळ गेलो. म्हणाली, पोरा, हे कधी संपणार?

२१ सप्टेंबर
गार्लंडसाहेबांकडे गेलो. जागा भरली. त्यांनी बराच वेळ हात धरून ठेवला. तसं नसतं केलं तर बरं झालं असतं.

२२ सप्टेंबर ते ३ ऑक्टोबर
काही नाही.

४ ऑक्टोबर, रविवार
चर्चनंतर लव्हॉनने मला बाजूला घेतलं. म्हणाली, तुला माहीत नाही म्हणून सांगते. व्हिटलोचा तीनदा फोन आला. त्याला तिघं हवीत. नेडीनने तिन्ही वेळा नाही सांगितलं. व्हर्लिनशिवाय नाही म्हणे. “मी तेहेतीस वर्षं लोकांची डोकी धुतेय,” लव्हॉन म्हणाली, “आणि कॉय सकाळ-संध्याकाळ बस हाकतोय. आम्ही तुला काही म्हणणार नाही. पण तुला ठाऊक असायला हवं.”
घरी नेडीन भांडी घासत होती आणि गात नव्हती. कधीपासून गात नाही, ते मला आठवेना.

५ ऑक्टोबर, सकाळी ६
झोप नाही. दोन-तीन वेळा उठून पाणी प्यायलो. तिने इतक्यांदा नाही म्हणावं आणि मला सांगूही नये.

५ ऑक्टोबर, दुपार
व्हिटलोला फोन केला. म्हटलं, मी संस्थापक बोलतोय. बराच विचार करून मी गाण्यातून निवृत्ती घेऊन व्यवस्थापनाकडे वळायचं ठरवलंय, तिघं पुढच्या महिन्यात येतील. तो म्हणाला, गाडी चालवता ना तुम्ही? व्यवस्थापनात तेही येतं.
नेडीनला सांगितलं, घशाच्या डॉक्टरांनी विश्रांती सांगितलीय. ती म्हणाली, कुठले डॉक्टर? मी म्हटलं, तू त्यांना ओळखत नाहीस. तिने फडताळातून मधाची बाटली काढून माझ्यासमोर ठेवली. मग म्हणाली, चांगले डॉक्टर दिसतायत.

२७ नोव्हेंबर, शुक्रवार
गाडी धुतली. तेल बदललं. तिघांचे कपडे मागे टांगले. व्यवस्थापन हे कमी लेखायचं काम नाही.

२८ नोव्हेंबर, शनिवार
नॅशव्हिल. तीनशे खुर्च्यांचा हॉल, मोठ्या गायकाच्या आधीची, व्हिटलोने मिळवून दिलेली वीस मिनिटं आमची. त्यांची. मला चौदाव्या रांगेत जागा मिळाली. आजवर मी तिच्या शेजारी उभा राहून स्वतःलाच ऐकत आलो, समोर बसून तिला कधी ऐकलं नव्हतं.
ती एकटी सुरू झाली. कॉय आणि लव्हॉन मागून हळूच आले. खोकणारा माणूस खोकायचा थांबला. माझ्या हातातला कागदी पेला मी कधी चुरगाळला कळलं नाही.
त्या ट्रॅक्टरवाल्याला पत्राचं उत्तर द्यायला हवं होतं.
दुसऱ्या कडव्याला शेजारच्या बाईंनी माझ्या बाहीला हात लावला आणि म्हणाल्या, अहो, जरा गप्प बसता का, तुमच्या गुणगुणण्याने त्यांचं ऐकू येत नाही.
बसलो.