माहेरच्या नावाचा पुकारा

कामोठे, मंगळवार, संध्याकाळ

अंगात त्राण नाही, पण लिहिल्याशिवाय चैन पडायची नाही. आज पनवेलच्या कोर्टात सासूबाईंचं अपील फेटाळलं. बापाच्या जमिनीतल्या वाट्यासाठी भावांशी चाललेलं. ऐकून घेऊन हरवलं असतं तर एक वेळ चाललं असतं. 'वकील नाही, अपीलकर्ती गैरहजर.' झालं, संपलं.

गैरहजर? दारासमोरच्या बाकावर तर बसल्या होत्या! आमच्या वकिलांनी अंग काढून घेतलं, म्हणून मी दुसरा कोणी मिळतो का बघायला खाली गेले होते. जाताना बजावलं होतं, "आई, नाव पुकारलं की आत जा आणि तारीख मागा." शिपाई म्हणतो, तीनदा पुकारलं, "चांगुणा!" या हलल्याच नाहीत.

चांगुणा हे त्यांचं माहेरचं नाव. जमीन माहेरची, म्हणून कागदावर तेच. लग्नात बदलून सुशीला केलं. कोणतं नाव पुकारतील, एवढं सांगायचं मला का सुचू नये?

"मला वाटलं, दुसरी कोनी बाय हाय," रिक्षात म्हणाल्या. "त्या नावाची आता कोनी नाय गो."

आता अपील पुन्हा सुनावणीला घ्यावं म्हणून अर्ज करायचा. त्यालाही वकील हवाच. वैताग नुसता.

आत्ता त्या स्वयंपाकघरात सुकट निवडतायत. मघापासून काहीतरी पुटपुटतायत. मला वाटलं, देवाचं नाव घेतायत. कान दिला, तर स्वतःलाच हाक मारतायत, "चांगुणा." आणि जरा थांबून स्वतःच, "ओ."