मागमाशीची फळं

९ फेब्रुवारी

मागमाशा जाग्या झाल्या. काचघरात दिवसभर त्यांचीच भुणभुण. तीस वर्षं हेच काम करतोय, तरी दरवेळी बघत राहतो — माशी आजच्या फुलात शिरते आणि दिसेनाशी होते! त्याच झाडाच्या कुठल्यातरी जुन्या वर्षीच्या फुलात जाते, तिथले पराग अंगाला लावून घटकाभराने परत येते. त्यातून धरलेल्या फळाचा देठ तांबडा. जितकं जुनं वर्ष, तितका गडद. मुकादमांचा हुकूम ठरलेला — तांबड्या देठाचं खायचं नाही, विकायचं नाही, खड्ड्यात पुरायचं. "खाणारा मनाने त्या वर्षात जातो. आणि पुरता परत येत नाही."

हिचे सांधे आज फार दुखले. चमचाही धरवेना.

२ एप्रिल

चोरलं. एकच, फिक्या देठाचं. दुखणं नव्हतं त्या वर्षात मनाने गेली, तर निदान दुखायचं थांबेल. काय करू? डॉक्टरांनी हात टेकले — "आता फक्त सोसायचं."

हिने अर्धं खाल्लं आणि हाताची मूठ उघडमीट करून बघायला लागली. "अहो, दुखत नाही!"

किती दिवसांनी हसली!

३ एप्रिल

आणखी एक.

११ एप्रिल

शिलाई मशीन उघडलंय. दिवसभर खडखड चालू. माझ्यासाठी शर्ट शिवला — पंचवीस वर्षांपूर्वीच्या मापाचा. पोटावर बटणं लागेचनात. दोघंही पोट धरून हसलो.



१९ एप्रिल

लेक आली. हिने दार उघडलं. "या ताई, कुणाकडे आलात?" मग तिच्यासमोरच फ्रॉकला काजं करत बसली — सहा वर्षांच्या पोरीचा फ्रॉक. "आमची येईलच आता शाळेतून."

लेकीने स्वयंपाकघरात येऊन माझा दंड धरला. "बाबा, काय दिलंत तिला?"

सांगितलं. ती चपला घालून निघून गेली. त्या शर्टाच्या वेळीच मला कळायला हवं होतं.

२० एप्रिल

बंद. आता एकही फळ नाही.

२४ एप्रिल

चार दिवस किंचाळतेय. दुखणं तेवढं परत आलं, मोठी झालेली लेक काही परत आठवली नाही. शेजारीण दारात येऊन उभी राहिली, तिला काय सांगू? दुपारी ही म्हणाली, "अहो, माझे हात तोडून टाका."

धावत काचघरात गेलो. फिक्या देठाची संपली होती. एकच उरलं होतं, काळपट तांबड्या देठाचं. ते हातात घेऊन किती वेळ उभा होतो! मग तिचं ओरडणं आठवलं.

शेवटचा घास खाल्ला आणि शांत झोपली. मी नुसता बघत बसलो.

२५ एप्रिल

मला बघून चादर गळ्यापर्यंत ओढली. "कोण तुम्ही? माझे बाबा कुठायत?"

तिचे बाबा जाऊन बावीस वर्षं झाली. "येतील," म्हटलं. "मी इथे कामाला आहे."

माझं अंथरूण बाहेरच्या खोलीत नेलं.

२९ एप्रिल

मुकादमांपुढे कबूल केलं. त्यांनी शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं. नुसते डोळे मिटून बसले.

"उलट नेणारी माशी नसते का हो? पुढे आणणारी?"

"असती तर माझं माणूस परत आणलं नसतं? मी इथे मुकादम राहिलो असतो का रे?"

४ मे

स्वतःच्या घरात दार वाजवून आत जातो! वर विचारतो, काही हवं का. ती "नको, आभारी आहे" म्हणते. इतक्या वर्षांच्या संसारात माझे कधी आभार मानले नव्हते. भांडायची. मीठ कमी म्हणालो की दोन दिवस अबोला.

लेकीने डबा पाठवला. चिठ्ठी नव्हती.

७ मे

चहा ठेवून निघालो होतो. "बसा ना थोडं," म्हणाली. खुर्ची पुढे केली. मग खाली बघत — "एक विचारू? तुमचं लग्न झालंय?"

मी नाही म्हणालो.