भाड्याच्या गालिच्याने मोडलेल्या लग्नाची वाटणी

ज्या घरातली श्रीमंती गेली, त्याच घरात पाहुण्यांसाठी सर्वांत भारी गालिचा का अंथरतात, हे कोडे वाचणाऱ्यालाही पडले असेल. मी, प्रतिमा आनंदराव सबनीस, वय एकसष्ट, निवृत्त भौतिकशास्त्र शिक्षिका, राहणार शास्त्री नगर, जयपूर, पूर्ण शुद्धीत व कोणाच्याही दडपणाशिवाय (माझ्यावर दडपण आणणारा अजून जन्मायचा आहे) त्याचे उत्तर आणि माझ्या मिळकतीची व्यवस्था येथे लिहून ठेवते.

कलम १. दोन खोल्यांचे राहते घर धाकटी बहीण रमा हिला. आधीचा बंगला देता येत नाही. तो वडिलांनी १९७८ साली पाचूंच्या व्यापारात घातला. विम्यातली अधिकाऱ्याची नोकरी सोडून, जन्मभर इतरांना समजावलेली जोखीम त्यांनी स्वतः घेऊन पाहिली. पाचू काचेचे निघाले. प्रयोग म्हणून निष्कर्ष निर्विवाद होता.

कलम २. भिंगे व लोलक शेजारच्या ऋचाला. तिला प्रश्न विचारायची खोड आहे. ती मोडू नये.

कलम ३. लाकडी पेटीतले १९८३ सालचे पत्र रमाला. स्पष्टीकरण क्रमाने देते. कॅप्टन राजन यांनी रमाला मागणी घातली. त्यांच्या आई साताऱ्याहून येणार, म्हणून मी टेंट हाऊसमधून गालिचा, सोफा आणि चांदीचा मुलामा दिलेली ताटे भाड्याने आणली. गरिबी दिसली तर लग्न मोडेल, हे माझे गृहीतक. बाईंनी दारात दोनदा पाय पुसले आणि निघताना म्हणाल्या, "पोरगी गुणाची आहे हो. पण आमच्याकडं जमिनीवर बसून जेवतात. हिला कसं जमायचं?" आम्हीही जमिनीवरच जेवत होतो, टेबल केव्हाच विकले होते. आठवड्याने राजन यांचे पत्र आले: 'रमाला आमचे साधे घर चालणार असेल तर तिने स्वतः दोन ओळी लिहाव्यात.' लिहायचे तर गालिचा भाड्याचा होता, हे कळवणे आले. मी पत्र पेटीत ठेवले आणि रमाला सांगितले, "त्यांना पैसेवाली हवी होती." कोड्याचे उत्तर असे: गालिचा पाहुण्यांसाठी नसतो, खालची फरशी आपल्यालाच दिसू नये म्हणून असतो.

कलम ४. राजन आता निवृत्त कर्नल आहेत, अविवाहित आहेत व जयपुरातच, झालाना भागाजवळ राहतात. रमाने उत्तर दिले नाही, एवढेच त्यांना ठाऊक. दर शनिवारी ते शब्दकोड्यातला अडलेला शब्द विचारायला माझ्याकडे येतात. फौजेत आयुष्य काढलेल्या माणसाला 'पाणी, दोन अक्षरी' अडते, यावर विश्वास फक्त रमाचा. "ताई, तुझे कर्नलजी आलेत," म्हणते आणि आत जाते. माझा शब्दकोश त्यांना अजिबात देऊ नये. येण्याचे निमित्त जाईल.

कलम ५. हे पाकीट मी मेल्यावर नव्हे, येत्या रविवारी रमाने उघडावे. माझी प्रकृती ठणठणीत आहे आणि तिचे वय एकोणपन्नास. माझ्या मरणाची वाट पाहणे तिला परवडणार नाही. शिव्या तोंडावर द्याव्यात. त्या मी मागे ठेवू इच्छीत नाही.

सही: प्रतिमा आ. सबनीस
साक्षीदार: १. श्रीपाद गंधे, वकील २. शालन मोघे, शेजारीण
स्थळ: जयपूर. गुरुवार, ९ नोव्हेंबर २००६

सहीखालच्या मजकुराला कायदा विचारत नाही, असे वकीलसाहेब म्हणतात. म्हणून हे खाली लिहिते. यात सक्ती नाही. रमा, चाचणी सोपी आहे, कोणालाही घरबसल्या करता येते. कर्नलना फोन लाव. कारण सांगू नकोस. फक्त "या" म्हण. "कशाला?" असे विचारले, तर मी पुन्हा चुकले. "निघालो" ऐकू आले, तर साडी बदल. झालान्याहून इथे यायला अर्धाच तास लागतो.