सातव्या पायरीवरच्या बाईविषयी

लोणावळे,
रविवार, १७ फेब्रुवारी १९७४

चि. सोपान यास,

तुझे दाजी भिकाजी यांचा सप्रेम आशीर्वाद. तुझ्या पायाचे प्लास्टर निघाल्याचे वाचून बरे वाटले. (भुताच्या नजरेने जग कसे दिसते हे टिपण्यासाठी दिग्दर्शकाने स्वतःच चिंचेवर चढले पाहिजे काय, हा प्रश्न मी पुन्हा विचारीत नाही.) माझी प्रकृती उत्तम आहे. स्वयंपाक मी स्वतः करतो. भात आता दोन्ही वेळा एकसारखा होतो, म्हणजे दोन्ही वेळा गिचका होतो. तुझी ताई गेल्यापासून घरात तक्रार करणारे कोणी नाही, त्यामुळे प्रगती मंद आहे.

तुझे पत्र गुरुवारी पोचले. 'सातवी पायरी' या तुझ्या चित्रपटाचे रीळ आणि पडदा सोमवारपर्यंत पुण्यास पाठवावेत. तेथील वितरकास चित्रपट पसंत आहे, मात्र त्यातील भूत प्रौढ दिसते, सबब तुझ्या ताईचा भाग कापून तेथे एका तरुण नटीस घालावयाचे आहे, असा त्याचा आशय मी समजतो. तुझा विचार योग्यच आहे. कोणाचा आधार नसताना, उसन्या कॅमेऱ्यावर चित्रपट काढणाऱ्या माणसाने चालून आलेली संधी दवडू नये. तुझ्या भयचित्रकथांच्या पुस्तिका स्टेशनवरच्या स्टॉलवर चिक्कीच्या शेजारी आजही मांडलेल्या असतात आणि जाता-येता मी त्या सरळ करून ठेवतो. ('रक्ताचा रांजण'मधील अकराव्या पानावरच्या सांगाड्यास डाव्या अंगाला तेरा फासळ्या आहेत. दुसऱ्या आवृत्तीत एक कमी करावी.) तेव्हा तुझ्या कलेच्या आड मी येणार नाही. रीळ पाठविण्यास थोडा विलंब होत आहे, इतकेच, आणि तो का होत आहे हे सविस्तर कळविणे माझे कर्तव्य आहे.

तू इस्पितळात असताना, आधी ठरलेले दोन खेळ मी आणि मेहबूबने पार पाडावेत, असे तूच सांगितले होतेस. मेहबूब मुळात रेडिओ दुरुस्त करणारा, परंतु प्रोजेक्टर तो मायेने चालवितो. अडचण निवेदनाची होती. चित्रपट मूक, आणि कर्ण्यावरून घोगऱ्या आवाजात गोष्ट सांगण्याचे काम तुझे. ते माझ्याकडे आले. तुझी निवेदनाची वही मी वाचली आणि तिच्यातील भाषा थोडी नीटनेटकी केली. 'ती बघा आली मेलेली बाई' याऐवजी 'सदर स्त्री हयात नाही, याची प्रेक्षकांनी कृपया नोंद घ्यावी' असे केले. तीस वर्षे गणित शिकविलेल्या माणसास प्रेक्षकांना घाबरविण्याचा याहून वेगळा मार्ग सुचत नाही.

पहिला खेळ भाज्याला. ग्रामपंचायतीच्या खोलीतून वायर ओढली, दोन बांबूंना पडदा ताणला आणि दिवेलागणीला खेळ सुरू केला. लेण्याच्या पायऱ्यांवरून वाटसरू (म्हणजे आपला हौशीराम) उतरत येतो, सातव्या पायरीवर पांढऱ्या पातळातील बाई उभी असते, ती पाण्यासाठी हात पुढे करते आणि हौशीराम किंचाळत पळतो, येथवर सर्व तुझ्या योजनेप्रमाणे झाले. बाई दिसताच पुढे बसलेली मुले ओरडली, आणि मला शिक्षकी पेशात क्वचितच लाभणारे समाधान लाभले. मग ध्यानात आले की प्रत्येक मुलाने डावा दंड घट्ट धरला आहे. त्यांना भूत दिसलेच नव्हते. देवी टोचणाऱ्या नर्सबाई दिसल्या होत्या. तुला आठवत असेल, भूमिका स्वीकारताना ताईने एकच अट घातली होती, की पातळ नवे घेणार नाही, दवाखान्यात नेसते तेच नेसेन. भुताचा पोशाख आपल्याला फुकट मिळाला म्हणून तू खूश झालास. त्याच पोशाखात तिने साऱ्या मावळात सुया टोचल्या आणि बाळंतपणे केली, हा विचार आपल्या दोघांपैकी एकानेही केला नाही.

मोठ्यांची तऱ्हा निराळीच. आपल्या बाईंना हा गडी पाणी देत नाही, हे त्यांना सहन होईना. शिदू नावाचा एक वयस्कर शेतकरी उठून हौशीरामाला म्हणाला, "आरं मुडद्या, पानीच मागत्यात न्हवं बाई? दे की!" हौशीराम अर्थातच पळत राहिला. तेव्हा शिदू घरी जाऊन भरलेला तांब्या घेऊन आला आणि त्याने तो पडद्यापुढे ठेवला.

यानंतर बाई पुन्हा पायरीवर येते, आणि तेथे माझे वाक्य होते. 'सदर स्त्री' येथवर मी वाचले. पुढचे 'हयात नाही' हे शब्द माझ्याच अक्षरात होते, सुवाच्य होते, परंतु ते वाचता येईनात. चित्रीकरण झाले तेव्हा ते वाक्य खोटे होते, हे मी वहीत दुरुस्ती करताना लक्षात घेतले नव्हते. मला सावरण्यास अवसर मिळावा म्हणून मेहबूबने फिल्म जळण्याचा धोका पत्करून चित्र तेथेच थांबविले. तुझी ताई पडद्यावर स्थिर उभी राहिली. कर्ण्यातून माझा खोकला तेवढा गावभर ऐकू गेला असावा.

मग सावित्राबाई नावाची म्हातारी पुढे आली. म्हणाली, "मास्तर, वाईच थांबा. बाई अहेव गेल्या. माज्या तिन्ही पोरांच्या वक्ताला त्याच हुत्या. आमाला कुकू लावूंद्या."

तिने पडद्यावर ताईच्या कपाळाला कुंकू लावले, खाली खण-नारळ ठेवला, आणि तिच्यामागे रांग लागली. दोघींपर्यंत मेहबूबने दम धरला, पण फिल्मचा वास येऊ लागताच चित्र पुढे सोडले. उरलेल्या नऊ जणींनी अंदाजाने त्याच जागी कुंकू लावले. त्या वेळी तेथे हौशीराम धावत होता.

दुसरा खेळ तिकोणा पेठेला झाला. कुंकवाचा रुपयाएवढा डाग पडद्यावर तसाच होता, त्यामुळे तो हौशीरामाच्या नाकावर आला, मग एका म्हशीवर आणि शेवटी चंद्रावर आला. लोक मनमुराद हसले. एकही प्रेक्षक घाबरला नाही, हे निवेदक म्हणून मी खेदाने नमूद करतो. परंतु बाई पायरीवर आली तेव्हा कुंकू तिच्या गालावर पडले, आणि ते मात्र मला चालेना. मी खेळ थांबविला आणि टेप काढली. भाज्याला अंतर साडेबावीस फूट होते. येथे मेहबूबने प्रोजेक्टर दोन फूट मागे मांडला होता. समरूप त्रिकोणांचा व्यवहारात उपयोग काय, असे मुले मला तीस वर्षे विचारीत आली. प्रोजेक्टर पुढे घेतला, जरा उचलून खाली एक चपटा दगड दिला, रीळ मागे फिरवून पुन्हा लावले, आणि कुंकू बरोबर कपाळावर बसले. मेहबूब हळूच म्हणाला, "मास्तर, आता शोभतंय बगा." पेठेच्या लोकांनी माझ्या या उपद्व्यापाबद्दल तक्रार केली नाही. बहुधा ते गोष्टीतच आहे असा त्यांचा समज झाला.

तर सोपान, विलंबाचे कारण इतकेच, की पडदा धुण्यास दिला आहे आणि रीळ ज्या ट्रंकेत आहे तिची किल्ली सापडत नाही. दोन्ही अडचणी तात्पुरत्या आहेत. एरवी मी समाधानात आहे. पायास जपावे. सध्या फक्त जमिनीवरून चित्रीकरण करावे.

तुझा दाजी,
भिकाजी

ता. क. पडदा धुण्यास दिलेला नाही. नवे मांजरपाट आणून मी स्वतः शिवून पडदा तयार केला आहे (शिवण सरळ आहे, फूटपट्टी लावून पाहिली). मेहबूब तो उद्याच्या गाडीने आणील.

पुन्हा ता. क. ट्रंकेची किल्ली माझ्या खिशात आहे आणि तेथेच राहील. या जातीच्या फिल्मला निगेटिव्ह नसते, एकदा कापले की गेले, हे तूच मला समजावून सांगितले होतेस. वितरकासाठी तू चित्रपट नव्याने काढ. तरुण नटी घे, माझी हरकत नाही. निवेदन मी करीन, हौशीरामाऐवजी धावीन, आणि चिंचेवर कोणास चढावयाचेच असेल तर मी चढेन. मात्र हे रीळ मागू नकोस. माझ्याजवळ तिचे हालते-चालते असे दुसरे काही नाही.

आणखी एक राहिले. पायरीवर ती ओठ हलविते, तेथे तुझ्या वहीत 'तुझा सत्यानाश होवो' असे निवेदन आहे. त्या दिवशी मी तुझ्या कॅमेऱ्यामागे उभा होतो. ती मला म्हणाली होती, "अहो, गार वारा सुटलाय, मफलर गुंडाळा." तेथे मी आता काहीच वाचत नाही. आंबीच्या गावकऱ्यांचे बोलावणे आले आहे, खेळ बुधवारी आहे. मफलर घेऊन जाईन.