गाडी उदबत्ती घेते

॥ श्री हावगीस्वामी प्रसन्न ॥

उदगीर, सोमवार, दि. १८ एप्रिल २०१६

श्रीमान मलप्पाजी, मुक्काम नांदेड, यांना उदगीरहून महादेवप्पाचे शरणु शरणार्थ. सौ. विहीणबाई कमलम्मांनाही आमच्या घरच्या सगळ्यांचा नमस्कार. इकडे सर्व क्षेम आहे, तुमच्याकडचं कळवावं. विहीणबाईंची सर्दी आता कशी आहे? आणि सर्दीच्या पाठोपाठ आलेली घामोळी? (एकाच प्रवासात एकाच माणसाला सर्दी आणि घामोळी दोन्ही झाली, असं मी आमच्या डॉक्टरांना सांगितलं तर त्यांनी मला ते पुन्हा सांगायला लावलं.) तुमच्या गुडघ्याला गाडीतली ती थंडी बाधली असेल तर तिळाचं तेल कोमट करून चोळावं. तेल आमच्या दुकानचं आहे, पाठवून देतो.

फोन केला की तुम्ही "बरं" म्हणता आणि ठेवून देता, म्हणून पत्र लिहितोय. पत्र मधेच ठेवून देता येत नाही. (येतं, पण लिहिणाऱ्याला ते कळत नाही, एवढं समाधान असतं.) सुपारी फुटून महिना झाला. मग या महिन्याच्या सुरुवातीला माझ्या गाडीतून तुम्ही तिथी काढायला आणि आमचं कार्यालय बघायला म्हणून निघाला होता आणि अहमदपूरला उतरून एसटीच्या लाल गाडीने माघारी गेलात. तेव्हापासून आमच्या शिवलीलाचं आणि तुमच्या पंचाक्षरीचं लग्न अहमदपूरच्या स्टँडवरच उभं आहे, ते पुढे सरकेना. तुमचा राग मी मान्य करतो. पण तुम्ही मागच्या सीटवर होता, त्यामुळे पुढे काय घडलं ते तुम्हाला दिसलं नाही. ते एकदा नीट कळलं की तुमचा राग राहणार नाही, याची मला खात्री आहे.

साध्या एसीत आपण गाडीला फक्त हुकूम करतो, की गार हवा सोड. आमच्या गाडीत आहे ते ऑटोमॅटिक क्लायमेट कंट्रोल. त्यात आपल्याला हवा तेवढा गारवा आकड्यात सांगायचा आणि हात जोडून बसायचं. पंखा किती फिरवायचा, गार किती सोडायचं, त्यात गरम किती मिसळायचं, हे सगळं गाडी स्वतः ठरवते. पण ठरवायला तिला बातमी लागते. डॅशबोर्डवर काचेपाशी एक काळा मणी असतो, तो ऊन किती पडलंय ते बघतो. स्टिअरिंगच्या बाजूला एक बारकी जाळी असते. तिच्यामागे छोटासा पंखा असतो, तो आतली हवा थोडी थोडी ओढून घेतो आणि ती किती तापली ते गाडीला कळवतो. (बाहेरची हवा बघणारं तिसरं एक यंत्र पुढे बंपरच्या मागे आहे. त्याला आमच्यापैकी कोणाचाच हात पोचला नाही, म्हणून ते आजही ठणठणीत आहे.)

हे सगळं मला आज पाठ आहे. गाडी हैदराबादहून घेतली तेव्हा मात्र विकणाऱ्याने "सब ऑटोमॅटिक है सेठ" एवढंच सांगितलं होतं, आणि ऑटोमॅटिक म्हटल्यावर आपण काय विचारायचं? तो काळा मणी मला बघवेना. नव्या दिसणाऱ्या गाडीवर मधेच स्क्रू निघाल्यासारखा दिसायचा. त्याच सुमारास जिल्हा कृती समितीची स्टिकरं छापून आली होती. मी समितीचा उपाध्यक्ष, तेव्हा पहिलं स्टिकर माझ्याच गाडीत लागायला हवं होतं. "उदगीर जिल्हा झालाच पाहिजे" हे स्टिकर मी बरोब्बर त्या मण्यावर लावलं. सुपारीच्या बैठकीत तुम्ही सहज म्हणाला होता, की काही झालं तरी उदगीर तालुक्याचं गाव. मला त्याचा राग आला नाही. (आला होता.) मी एवढंच सांगतो, की तुमच्या नातवाच्या जन्मदाखल्यावर जिल्हा उदगीर लिहिलेलं तुम्ही स्वतःच्या डोळ्यांनी वाचाल. तर सांगायचा मुद्दा, त्या स्टिकरमुळे गाडीला ऊन दिसायचं बंद झालं. बाहेर मराठवाड्याचा एप्रिल आणि गाडीच्या हिशेबी आभाळ भरून आलेलं. ती बेताबेतानेच गार हवा सोडायची.

आता जाळी. आमच्या सौ. रत्नम्मा रोज सकाळी दुकानाच्या गल्ल्याला, काट्याला आणि गाडीला उदबत्ती ओवाळतात. ओवाळून झाली की खोचायची कुठे, हा प्रश्न गाडीत होता. ती जाळी बघून त्यांना वाटलं, कंपनीने सोय करून दिली आहे. भोकं तंतोतंत उदबत्तीच्या काडीएवढी. पहिल्याच दिवशी त्या मला हाक मारत दुकानात आल्या. गाडी सुरू होती, आणि उदबत्तीचा धूर वर न जाता सरळ जाळीत जात होता. मी स्वतः बघितलं. आमच्या गल्लीतल्या गंगम्मा आणि साखराबाई येऊन बघून गेल्या, मठातल्या चार बाया येऊन बघून गेल्या, आणि दोघींनी तर गाडीला नारळ वाढवला. "गाडी उदबत्ती घेती बघा," असं रत्नम्मा सगळ्यांना सांगायच्या. आतमध्ये पंखा आहे हे तेव्हा कोणाला ठाऊक? उदबत्तीची धग जाळीत गेली की गाडीला वाटायचं आत भट्टी पेटलीय, आणि ती जोर करून गार हवा सोडायची. म्हणजे स्टिकर गाडीला थांबवायचं आणि उदबत्ती तिला पळवायची. दोन्ही मिळून गारवा असा काही झकास जमायचा, की मी चार लोकांना मुद्दाम फिरवून आणलं. वर गाडी उभी केली की खालून टपटप पाणी गळायचं, ते रत्नम्मा बादली लावून धरायच्या आणि अंगणातल्या बेलाच्या झाडाला घालायच्या. सध्या आमच्या गल्लीत नळापेक्षा गाडीला जास्त पाणी येतं. (हे समितीत बोलू नका.)

तुम्हाला आणायला आलो त्या दिवशी मी एकट्यानेच गाडी चालवत नांदेडला आलो. तुमच्या दारातून निघताना पाहुण्यांचा मान म्हणून एकाऐवजी पाच उदबत्त्या खोचल्या. पंचाक्षरी पुढे माझ्या शेजारी बसला होता. त्याने त्या उदबत्त्यांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि हात जोडले. मला बरं वाटलं, मुलगा धार्मिक आहे. लोह्याच्या पुढे गाडीत जे झालं ते पाच उदबत्त्यांचं काम होतं. गाडीला वाटलं आत आग लागली, तिने सगळी ताकद लावली. विहीणबाईंनी पदर कानावर घेतला. मग तुम्ही तुमचं उपरणं त्यांना दिलं. मग त्यांनी आहेरासाठी आणलेल्या साडीची घडी मोडून ती पांघरली, तेव्हा मी गारवा उतरवायचं ठरवलं. आमच्या दुकानातल्या पंख्याला एक ते पाच आकडे आहेत. एकवर हळू, पाचवर जोरात. त्या हिशेबाने मी चोवीसचा वीस केला, वीसचा अठरा केला, आणि शेवटी आकडा जाऊन काहीतरी इंग्रजी अक्षरं आली तेव्हा मला वाटलं गाडी आता बंदच होते. विहीणबाई "साकु, साकु" म्हणायला लागल्या. (त्या भालकीकडच्या माहेरच्या बोलीत पुरे पुरे म्हणायला लागल्या म्हणजे प्रकरण हाताबाहेर गेलं, हे मी तिथेच ओळखायला हवं होतं.)

तेव्हा पंचाक्षरी हळूच म्हणाला, "मामा, आकडा वर नेऊन बघू का थोडा?" थोडा, असं तो म्हणाला होता, हे मी प्रामाणिकपणे सांगतो. पण पाहुणे गारठलेले असताना थोडं काय करायचं? मी बटण दाबून धरलं ते पार टोकाला नेलं. टोकाला गेल्यावर ही गाडी कोणाचं ऐकत नाही. इंजिनची सगळी गरमी ती आत सोडते, थंड देशातल्या लोकांसाठी ती सोय आहे. बाहेर अंगाची लाही होत होती आणि आत आपण चौघं हीटर लावून चाललो होतो. तुम्ही मागची काच खाली करायला गेलात आणि ती होईना, कारण गारवा बाहेर जाऊ नये म्हणून काचांचं कुलूप मी नांदेडातच लावून ठेवलं होतं. ते काढायचं बटण कुठलं हे मला माहीत होतं, पण त्या घाईत दुसऱ्या कुठल्या बटणाला हात लागून आणखी काही व्हायला नको म्हणून मी हात आवरला. मशीन आहे, तिला विचार करायला वेळ द्यावा, असं मी तुम्हाला म्हणालोही. त्यावर तुम्ही जे बोललात ते मी मनावर घेतलेलं नाही. अहमदपूर सोडलं की तुमच्याशी एका विषयावर बोलायचं मी मनाशी धरलं होतं, पण अहमदपूरच्या स्टँडसमोर रिक्षा आडवी आली, गाडी थांबली आणि तुम्ही दोघं उतरलात. पंचाक्षरी मात्र उतरताना दार हळू लावून गेला, हे माझ्या लक्षात आहे. इकडे रत्नम्मांनी पुरणाचा घाट घातला होता. ते पुरण आम्ही दोन दिवस खाल्लं.

गाडी दुसऱ्याच दिवशी चांदपाशाकडे नेली. स्टँडमागे त्याचं गाड्यांच्या वायरिंगचं आणि सीटकव्हरचं दुकान आहे. त्याने बॉनेट उघडायच्या आधीच सांगितलं, "गॅस खतम हाय शेट." गॅस भरला. मग गाडी आणखीच बिघडली, कधी बर्फ, कधी वाफ. त्याने पंखा बदलू म्हटलं, मग गाडीच बदलू म्हटलं. तेव्हा मी शांतपणे विचार केला आणि त्याला स्पष्ट सांगितलं, की स्टिअरिंगजवळची जाळी उघड, आणि डॅशबोर्डवरचं स्टिकर काढ. कागदाचा एक तुकडा जाळीला लाव. चिकटून राहिला तर आतला पंखा हवा ओढतोय, पडला तर वाट बंद आहे असं समज. कागद पडला. जाळी उघडली तर आत दोन महिन्यांची राख गच्च बसलेली. चांदपाशाने राखेची चिमूट काढून दाखवली आणि म्हणाला, "शेट, गाडीच्या नाकात अंगारा भरून राहिला, तिला वास कसा येणार?" राख काढली, जाळी पुसली, मणी मोकळा केला. आता गाडीत चोवीस सांगितलं की चोवीसच असतं. मी शिरूर अनंतपाळपर्यंत भर दुपारी जाऊन आलो, शिवलीला मागे बसली होती आणि वाटेत तिला झोप लागली. तेव्हा गाडीवरचा तुमचा आक्षेप आता उरत नाही, असं मी धरून चालतो. स्टिकर मागच्या काचेवर लावलं आहे. जिल्ह्याची मागणी कायम आहे.

तेव्हा पुन्हा यावं. मी स्वतः न्यायला येतो, काचा उघड्या ठेवतो. विहीणबाईंना सांगावं, की उदबत्त्या आता घरीच लागतात. आहेराची ती साडी आम्ही धुऊन, इस्त्री करून ठेवली आहे. (गाडीतच राहिली होती.) घरातल्या थोरांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद.

आपला,
महादेवप्पा

ता. क. : अहमदपूर सोडल्यावर बोलायचं होतं ते असं. गारव्यात बसलेला माणूस होकार लवकर देतो, म्हणून एवढा गाडीचा थाट केला होता. लग्न मुलीकडे करायची रीत आहे आणि उदगीरचं कार्यालयही मी सांगून ठेवलं होतं. पण कार्यालयवाला म्हणतो पाणी तुमचं, आणि टँकरवाला म्हणतो तारीख सांगू नका. लातूरला रेल्वेने पाणी येतंय, तिथे आमचा नंबर कधी लागायचा? एवढी वर्षं मी लोकांच्या पंगतीत आग्रह करत हिंडलो, आणि माझ्या एकुलत्या एका मुलीच्या पंगतीत पाहुण्यांना हात धुवायला पाणी देता येणार नाही, याचं मला फार वाईट वाटतं. तुमच्या नांदेडात निदान गोदावरी तरी आहे. लग्न तुमच्या दारात करता येईल का? स्वयंपाक, डाळ, तांदूळ, आचारी सगळं आम्ही घेऊन येऊ. फक्त पाणी तुमचं. तुमचं जिल्ह्याचं गाव आहे, हे मी मान्य करतो.

ता. क. २ : वर चांदपाशाला जाळी उघडायला सांगितली ती मी, हे खरं आहे, पण मला ते शिवलीलाने सांगितलं आणि तिला पंचाक्षरीने. त्याने तुमच्या दारातच सगळं ओळखलं होतं, पण होणाऱ्या सासऱ्याला बोलायचं कसं, म्हणून त्याने लोह्यापासून अहमदपूरपर्यंत आधी बर्फ आणि मग वाफ सोसली आणि आकडा वर नेण्यापलीकडे एक शब्द काढला नाही. असा जावई मला दुसरीकडे मिळणार नाही, म्हणून हे एवढं लांबलचक पत्र. तुम्ही आणि मी बोलत नाही तेव्हापासून ती दोघं रोज फोनवर बोलतात असं दिसतं. त्यामुळे उत्तर पोस्टाने पाठवू नका, उशीर होईल. जेवताना पंचाक्षरीजवळ नुसतं हो म्हणा, मला झोपायच्या आत कळेल.