तुझ्या टॅबातली मेंढरं

मु. पो. लासुर्णे, ता. इंदापूर

चि. रविराज यास,

दाजींचा आशीर्वाद. (द्यायची इच्छा नव्हती, पण कागदाची सुरुवात शिवीनं करू नये असं तुझ्या आक्काचं म्हणणं पडलं. तू तिचा धाकटा भाऊ म्हणून ती तुझीच बाजू घेणार.) इकडे सगळं ठीक आहे असं पत्रात लिहायची पद्धत आहे, पण ठीक नाही. तिकडे तुमचं कसं काय? छकुलीची परीक्षा कशी गेली? तुझी पाठदुखी मीटिंगमध्ये बसून बसून वाढली म्हणत होतास, तर जरा उभा राहून मीटिंग करत जा. हा कागद लिहायचं कारणही तेच. फोन केला की तू "दाजी, मीटिंगमदी हाय" म्हणतोस आणि कापतोस. कागद कापता येत नाही. आता निमूट वाच.

तुला माहीत आहे, तरी रागाच्या भरात पुन्हा सांगतो. दिवाळीनंतर आक्काच्या अंगावरून वारं गेलं. पाय बऱ्यापैकी वळणावर आला, तोंडही सरळ झालं (ते सगळ्यांत आधी झालं, तुला वेगळं सांगायला नको), पण उजवा हात मांडीवर नुसता पडून असतो. बारामतीच्या व्यायामवाल्या मॅडमनी बजावलंय की या सुरुवातीच्या महिन्यांत बोटं चालती झाली तर झाली, पुढं अवघड जाईल. त्यांनी दिलेला स्पंजचा चेंडू आक्कानं हातात घेऊन पाहिला आणि "ह्यातनं दूध निघत असंल तर दाबते" म्हणून कोपऱ्यात भिरकावला. डाव्या हातानं. बाजरी निवडायला दिली, तीही डाव्या हातानं निवडली. भाकरी सध्या मी थापतो. पहिली भाकरी टाकली त्या दिवशी आपलं कुत्रं शेजारच्या वस्तीवर गेलं, ते अजून तिकडेच जेवतं. ही बाई रोज चुलीकडे पाठ करून बसते आणि माझ्या भाकरीला नावं ठेवत नाही. तिनं नावं ठेवली नाहीत याचीच मला भीती वाटते.

मॅडमच म्हणाल्या की टॅब असेल तर त्यावर गेम खेळवा, बोट फिरवायचा नाद लागेल. माझ्या मोबाइलला बटणं, म्हणून तुला विचारलं. तू छकुलीचा जुना टॅब लोणी देवकरच्या कंपनीत कामाला असलेल्या लखनच्या हाती धाडलास. आभार मानणार होतो, पण टॅब उघडून बघितल्यावर विचार बदलला. आत एकही गेम नाही. छकुलीचे गणिताचे धडे आणि गॉगल घातलेला तुझा फोटो. गेम मिळायचं दुकान टॅबातच असतं म्हणे, पण टॅब जुना झाला म्हणून ते दुकान त्याला दारात उभं करत नाही. त्यावर तू काय म्हणालास ते आठव. "दाजी, कॉम्प्युटरवर गेम उतरून घ्या आन वायरीनं टॅबात सोडा, पाच मिन्टाचं काम हाय." रविराज, पाच मिनिटांत तंबाखू मळून होते. त्यापलीकडे पाच मिनिटांत उरकणारं काम मी या तालुक्यात अजून पाहिलेलं नाही.

तरी तुझ्या शब्दावर गेलो. लासुर्ण्यात दाखले आणि उतारे काढून देणारा संदेश आहे, त्याच्याकडे कॉम्प्युटर आहे. त्यानं तू दिलेली वायर एका बाजूनं कॉम्प्युटरला जोडली, दुसऱ्या बाजूनं टॅबला. टॅबवर बॅटरीचं हिरवं चित्र आलं, पण कॉम्प्युटर काही ओळख दाखवेना (लग्नात तुझे मामा मला दाखवत नाहीत तशी). संदेशनं वायर काढून घातली, भोक बदललं, भोकात फुंकर मारली, कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला. तो चालू होईपर्यंत दुकानात पीकविम्याची माणसं जमली आणि प्रत्येकाला टॅबातलं कळायला लागलं. एकानं टॅब तांदळात पुरून ठेवायला सांगितला. अहो, भिजलेला नाही म्हटलं, तर म्हणाला, ठिवायला काय जातंय? शेवटी संदेशनं तुझा टॅब मुका आहे असा निकाल दिला. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेलो, पुन्हा तेच. घरी आलो की आक्का विचारायची, काय टाकून आणलं? मी सांगायचो, चार्जिंग. आपल्या वस्तीवर रोज वीज असते, तरी टॅब चार्ज करायला गावात नेणारा मी एकटाच माणूस.

मग एसटीनं इंदापूर गाठलं. स्टँडमागं रणजितचं मोबाइलचं दुकान आहे. उद्धट माणूस. मान वर न करता वायर ओढून घेतली, बघितली आणि माझ्या अंगावर टाकली. "ही नुसती चार्जिंगची वायर हाय. करंट जातोय, माल जात न्हाय." ऐकून माझं डोकं फिरलं. त्याच्यावर नाही, तुझ्यावर. आपल्या शिवारातलं शेंबडं पोर सांगेल की सिंगल फेजवर दिवा लागतो, मोटर उचलत नाही. तू तर मोटारीपाशी रात्री जागून थ्री फेजची वाट बघत वाढलेला माणूस, आणि बहिणीच्या हातासाठी सिंगल फेजची वायर धाडतोस? बरोबरची वायर कुठल्या तरी खणात पडली असेल. आठवण झाली असती तर पाच मिनिटांचं काम होतं.

नवी वायर लावल्यावर रणजितनं गेम सोडले. मी टॅब छातीशी धरून घरी आलो, आक्कासमोर उघडला, तर गॉगलवाला तूच. गेम कुठेच नाहीत. आक्का म्हणाली, "ह्योच गेम हाय का?" पुन्हा इंदापूर. रणजित म्हणाला, गेम आतच आहेत, नुसते उतरवून ठेवलेत, ते बसवावे लागतात. म्हणजे बियाणं पडवीत आणून टाकलं होतं, पेरणी केलीच नव्हती. मग मला सांगायचं होतं, म्हटलं. तो म्हणाला, तुमी इचारलं न्हाय. बसवायला लागल्यावर टॅब दर वेळी विचारतो की माल अनोळखी ठिकाणचा आहे, घेऊ का? रणजित न वाचता हो म्हणतोय. मी म्हटलं, बाबा वाच तरी. "वाचत बसलो तर दुकान कदी चालवू?" तू ज्याला पाच मिनिटं म्हणतोस त्यात माझा दोडका वेलावर जून झाला. ते नुकसान मी तुझ्या नावावर धरलंय, कारण दुसरं कुणी सापडत नाही.

आता त्या गेमांविषयी. रणजितनं हाताला येईल ते भरलं होतं. एकात बंदूक. ती उडाली आणि आक्कानं टॅब माझ्याकडे ढकलला. एकात नवरी नटवायची होती. आक्कानं तिला खालपासून वरपर्यंत बघितलं, मुंडावळ्या नाहीत, हातात चुडा नाही, खांदे उघडे, आणि हिच्या आईला बोलवा म्हणाली. एकात शेती होती. रविराज, त्या शेतीचा मला जितका राग आला तितका आयुष्यात कशाचा आला नाही. बोट टेकवलं की गहू उगवतो, दुसऱ्यांदा टेकवलं की कापून पोत्यात. पाणी कधीही, कालव्याच्या फाट्याला पाळी नाही, वरच्या अंगाच्या शेजाऱ्यानं दारं फोडलेली नाहीत, रानडुक्कर नाही. असली शेती बनवणाऱ्याला एकदा आपल्या रानात उन्हाळ्यात उभा करायचाय.

आणि सगळ्यात शेवटी मेंढरांचा गेम. हिरवं रान, त्यात मेंढरं, ती बोटानं हाकून वाड्यात घालायची. आक्का सरसावून बसली. आधी खोड्या काढल्या. मेंढरं पांढरी फेक, आपल्यासारखी काळी एकही नाही. वाघर नाही, लाकडाचं कुंपण आहे. (वाघर तुला मीटिंगमध्ये आठवणार नाही. रात्री मेंढरं कोंडायचं जाळं. त्यालाच धरून तू उभा राहायला शिकलास. मेंढरं घेऊन कोकणात जाताना तुला घोड्यावर कोंबड्यांशेजारी बांधायचे आणि तू रडलास की आक्का उतरवून उजव्या कडेवर घ्यायची. हात आता जड झालाय, तो उगाच नाही.) मग तिनं टॅबकडं तोंड करून हाळी दिली. हुर्रर्र, त्यार्र, त्यार्र! सगळ्या वस्तीला ऐकू जाईल अशी. गोठ्यातली शेळी उठून उभी राहिली, टॅबातलं एक मेंढरू हललं नाही. "बहिरी हाईत," आक्का म्हणाली. मी दाखवलं, बोट मागं धरायचं, मेंढरू पुढं पळतं. तिला कळायला वेळ लागला नाही. लहानपणी माळावर लांडग्याला काठी हाणलेली बाई ती. (तू प्रत्येक लग्नात ही गोष्ट सांगतोस आणि दर लग्नात लांडगा वाढतो. मागच्या लग्नात तो वासराएवढा होता.) बघता बघता सगळी मेंढरं वाड्यात. डाव्या हातानं!

वाच पुन्हा. डाव्या हातानं. ज्या उजव्या हातासाठी मी संदेशचा निकाल, रणजितचा तोरा आणि तुझी वायर सोसली, तो हात मांडीवर, आणि बाई डाव्या हातानं मेंढरं हाकतायत. मी गोडीत सांगितलं, रागावून सांगितलं, मॅडमचं नाव घेतलं. एकदा तिचा डावा हात पदराखाली घालून ठेवला, तर म्हणाली, "मेंढरं माजी, हात माजा, तुमी कोन?" तेव्हापासून ती मेंढरांशी बोलते, माझ्याशी नाही. दिवसभर घरात त्यार्र त्यार्र चालू असतं. मला चहा हवा का हे ती मेंढरांना विचारते.

तर सांगायचं इतकंच की तुझा टॅब घेऊन जा. मला तो डोळ्यांसमोर नको आहे. यापुढे कुठल्याही कामाला पाच मिनिटांचं म्हणालास तर तुझ्या दारात येऊन भांडेन. मोठ्यांना नमस्कार, छकुलीला आशीर्वाद. लोभ आहे तेवढा आहे, वाढवायची गरज नाही.

तुझा दाजी,
बिरदेव

ता. क. टॅब घेऊन जा असं लिहिलंय ते खोडत नाही, पण न्यायला टॅब राहिलेला नाही. वरचा मजकूर कालचा. आज सकाळी टॅब फुटला. मी गोठ्यात होतो. आक्का ओसरीवर चहा घेत मेंढरं हाकत होती. पहिली सगळी मेंढरं कोंडून झाली म्हणून गेमनं तिला पुढच्या रानात सोडलं, आणि त्या रानात झुडपातून लांडगा येतो हे आम्हाला कुणी सांगितलेलं नव्हतं. लांडग्यानं कोकरू धरलं. मला आधी आक्काची आरोळी ऐकू आली, मग धाडकन आवाज. पळत आलो तर काच तडकलेली, टॅब काळा ठिक्कर. मी जे तोंड सोडलं ते सोडलं. किती खेटे घातले, किती माणसांच्या हातापाया पडलो, सगळं काढलं. ती माझ्यावर उलटली. "लांडगा आलाय आन तुमाला काचंचं पडलंय व्हय!" मी म्हटलं, अगं निदान हातातला कप तरी खाली ठेवायचा. आणि तेव्हा मी कपाकडे बघितलं. कप डाव्या हातात होता. भरलेला.

उजवा हात टॅबवरच होता, बोटं जरा आत वळलेली. आक्कानं हाताकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि बऱ्याच दिवसांनी माझ्याशी सरळ बोलली. "कोकरू सुटलं का बगा." त्या काळ्या काचेत काय दिसणार? सुटलं म्हणालो. मग गोठ्यात जाऊन रडलो. हे कुणाला सांगू नकोस, रागानं रडलो असं समज. बारामतीच्या मॅडमना फोन केला तर त्या म्हणाल्या, एका दणक्यानं हुरळून जाऊ नका, पण आता सोडूही नका.

ता. क. दुसरा. म्हणून दुसरा टॅब हवा. जुना चालेल, काच दणकट बघ. गेम मेंढरांचाच, आणि लांडग्यासकट. लांडगा नसलेला आणलास तर परत पाठवीन. आणि लखनच्या हाती धाडू नकोस, तू स्वतः ये, माल जाणारी वायर घेऊन, आणि गेम इथं ओसरीवर बसून टाक. पाच मिनिटांचं काम आहे. मीटिंग असेल तर ते मला कळवू नकोस, आक्काला कळव.

ता. क. तिसरा, पाकिटाच्या पाठीवर, कारण पाकीट बंद झालं. ते आक्कानं बंद केलंय. मी डिंक लावला, तिनं तळहात ठेवून दाबलं, कुठला ते विचारू नकोस. इतका वेळ लावला की टपाल निघून जाणार म्हणून मी चिडलो होतो, पण बसून राहिलो. पाकीट वाकडं चिकटलंय. फोडशील तेव्हा ती बाजू सोडून दुसरीकडून फोड.