खंडेनवमीची हळद आणि गाडी नंबर सत्तेचाळीस

मल्लेश्वरम, बेंगळुरू
मंगळवार, दुपार

ती. गंगाक्काच्या पायांवर धाकट्या बसवंताचं डोकं. (कंबर धरल्यामुळे ते प्रत्यक्षात तिथवर पोचत नाही, म्हणून टपालाने पाठवतो आहे.)

तुझी शुगर कशी आहे, आप्पाजी भावोजींचा गुडघा काय म्हणतो आणि दुकानातल्या नव्या माणसाला पंपाचे वॉशर ओळखता यायला लागले का, हे तिन्ही कळव. आम्ही इकडे ठीक. फोन असताना बसवंत पत्र कशाला लिहितो, असं तू म्हणशील. कारणं दोन. एक, फोनवर माझं पहिलं वाक्य संपायच्या आत तुझं तिसरं सुरू होतं. (ही तक्रार नव्हे. साठ वर्षांची सवय आहे, आता त्याशिवाय करमत नाही.) दुसरं, तुझी धनलक्ष्मी पलीकडच्याच खोलीत राहते आणि आमच्या भिंती कशा आहेत ते तुला ठाऊक आहे. शेजारच्या अक्कांनी फोडणीत किती मोहरी टाकली ते आम्हाला मोजता येतं.

परवा धनूने तुला फोनवर एवढंच सांगितलं की दुसरी आले, कप गेला, ठरल्याप्रमाणे गाडी विकते आणि डिसेंबरात निपाणीला येते. तू म्हणालीस, बरं. ठरलं होतं ते मलाही आठवतं, कारण मी साक्षीदार होतो. गेल्या वर्षी संकेश्वरच्या लग्नात, पंगतीत, हातात जिलबी धरून तू तिला सांगितलंस की एक वर्ष देते. वर्षभराच्या स्पर्धेत आपल्या गटात पहिली आलीस तर शर्यतीबद्दल मी पुन्हा शब्द काढणार नाही. नाही आलीस तर गाडी विकायची, आनेकलच्या कारखान्यातली नोकरी सोडायची आणि आप्पाजींच्या दुकानात बसायचं. तीही म्हणाली, बरं. (तुम्हा मायलेकींचं 'बरं' एकाच साच्यातून निघतं. बाहेरच्या माणसाला त्यातून काही कळत नाही.) तर ती दुसरी कशी आली, हे तिने तुला सांगितलेलं नाही आणि सांगणारही नाही. ते मी सांगतो.

आधी तुला शर्यत समजायला हवी. एकाच कार्यालयात, एकाच मुहूर्तावर, एकाच मांडवात दोन लग्नं लागावीत तसा हा प्रकार असतो. एका बाजूला स्पोर्ट्स गाड्या. या जमिनीला पोट लावून चालतात आणि आत बसायला माणसाची घडी घालावी लागते. दुसऱ्या बाजूला टूरिंग गाड्या, म्हणजे तुझ्या-माझ्या दारात उभ्या असतात त्याच, फक्त आतल्या गाद्या उपटलेल्या. धनूची त्यातलीच, नंबर सत्तेचाळीस, सतरा वर्षं जुनी. (आधीचा मालक तिच्यातून कोबी नेत असे. ऊन तापलं की अजून वास येतो.) दोन्ही वऱ्हाडं एकदमच सुटतात, पण कप वेगवेगळे. त्यामुळे सगळ्यांत मिळून दहावा आलेला मनुष्य हार घालून घेतो आणि चौथा आलेला तोंड पाडून बसतो. पहिल्या दोन खेपांना मी भलत्याच माणसांचं अभिनंदन करून आलो.

आता यातला एकच नियम लक्षात ठेव, पुढचं सगळं त्यावर आहे. गाडीच्या तोंडावर नंबराची पाटी असते. स्पोर्ट्स गाड्यांची पिवळी, टूरिंगची पांढरी. स्पोर्ट्स गाड्या पळायला तेज, त्या एक फेरी जास्त मारून मागून येतात. आरशात पिवळी पाटी दिसली की पांढरीवाल्याने बाजूला सरून वाट द्यायची. न दिली तर वळणावर उभा असलेला मनुष्य निळं निशाण हलवून आठवण करतो. पांढरीने पांढरीला मात्र वाट द्यायची नाही, तिथे खरी चुरस. म्हणजे परक्याला या बसा आणि आपल्या माणसाला दार बंद. (आपल्या घराण्यात ही पद्धत शर्यतीशिवायच चालू आहे, पण तो विषय वेगळा.)

शेवटची शर्यत नेमकी खंडेनवमीला आली. इथे आयुधपूजा म्हणतात आणि या दिवशी बेंगळुरूत पूजा झाल्याशिवाय कोणी सायकलसुद्धा हलवत नाही. आनेकलच्या पुढचा तो ट्रॅक सकाळी बघायला हवा होतास. प्रत्येक गाडीला झेंडू, केळीचे खुंट, चाकाखाली लिंबू. फलकावर ठळक सूचना होती की कोहळे ट्रॅकवर फोडू नयेत, गेल्या वर्षी दोन गाड्या घसरल्या आहेत. त्या दिवशी हिशेब असा होता: टूरिंगमध्ये धनू दुसरी, तिच्या पुढे तीन गुणांनी क्षितिज नावाचा पुण्याचा मुलगा. एचएसआर लेआउटमध्ये राहतो, कॉम्प्युटरवर काम करतो, बोलायला गोड. धनूला कप हवा तर या शर्यतीत पहिलंच यायला हवं होतं, दुसरं चालणार नव्हतं.

आदल्या रात्री तुझा फोन आला, गाडीची पूजा नीट कर म्हणून. डब्यातून तू पाठवलेली आपल्या शेतातली हळदही आलेली होती. तेव्हा सकाळी धनू ड्रायव्हरांच्या बैठकीला गेली असताना मी तुझ्या सांगण्याप्रमाणे पूजेला बसलो. गाड्यांची तपासणी आदल्या संध्याकाळीच झालेली, त्यामुळे आता गाडीकडे बघणारं कोणी नव्हतं. गाडीचं तोंड म्हणजे देवाचं कपाळ असं धरून मी तिथे हळद लावली. कोरडी हळद गळते, म्हणून खोबरेल तेलात कालवली. वर कुंकू, वर झेंडूचा जाड हार. बैठक संपवून धनू आली, हाराला हात लावून नमस्कार केला आणि आत बसली. आत बसलेल्याला पाटी दिसत नाही. सुरज मेस्त्रीने (गाडीचं सगळं तोच बघतो, मूळचा चिकोडीचा) सुटायच्या रेषेवर हार काढला, तेव्हा त्याचं लक्ष चाकांकडे होतं.

पहिल्या सहा फेऱ्या धनू आपल्या गटात सहावी. सुरज नखं खात होता, मी शांत होतो. (रक्तदाबाची गोळी सकाळी दोनदा घेतली गेली होती, चुकून.) सातव्या फेरीला स्पोर्ट्स गाड्या मागून येऊन भिडल्या आणि अक्का, चमत्कार सुरू झाला. पुढची गाडी बाजूला झाली, स्पोर्ट्स गाडी गेली, तिच्या मागोमाग धनू गेली. पुढच्या वळणावर निळं निशाण हललं, आणखी एक जण सरला, धनू गेली. एकाने तर जाताना हातही केला. मला वाटलं, सणाचा दिवस आहे, माणसं मवाळ झालेली असतात. सोळाव्या फेरीला क्षितिजही सरला. त्याने नंतर जिवाच्या आकांताने पाठलाग केला, पण विसाव्या, म्हणजे शेवटच्या फेरीला आपली धनू सात सेकंद पुढे होती. मी सुरजला मिठी मारली. तो ग्रीसने माखलेला असल्यामुळे माझा पांढरा सदरा आता फक्त घरात वापरता येईल.

निकाल फलकावर लागला की अर्धा तास थांबतात. तेवढ्यात कोणी हरकत घेतली नाही तर निकाल कायम. धनू हेल्मेट काढून गाडीला टेकून उभी होती, हसत नव्हती, नुसती बघत होती, लहानपणी पोहायला शिकली त्या दिवशी विहिरीकडे बघत होती तशी. सुरज फडक्याने गाडीचं तोंड पुसायला लागला. फडकं पिवळं झालं. त्याने फडक्याकडे पाहिलं, पाटीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं.

"बसवंतण्णा, ही पाटी पांढरी होती नव्हं?"

धनू पुढे आली आणि पाटीसमोर उकिडवी बसली. हळद, तेल आणि तापलेला पत्रा मिळून असा झकास पिवळा रंग धरला होता की स्पोर्ट्स गाड्यांच्या पाट्या त्यापुढे फिक्या. पाच जणांनी तिला वाट का दिली, ते तिला एका क्षणात कळलं. मला कळायला थोडा वेळ लागला, पण कळल्याबरोबर मी पहिलं काम काय केलं असेल तर आमच्या हिने दिलेला चित्रान्नाचा, म्हणजे लिंबूभाताचा, डबा उघडला आणि म्हणालो की धनू, आधी खाऊन घे, सावकाश खा. अर्ध्या तासातली अकरा मिनिटं उरली होती. (माझ्या हेतूबद्दल तू काही बोलू नकोस. माझ्या जागी तू असतीस तर डबे दोन असते.)

तिने डबा माझ्या हातातून घेऊन बॉनेटवर ठेवला. म्हणाली, "मामा, ते सगळे वाट देत होते आणि मला वाटत होतं, आज मला गाडी जमली."

मी म्हणालो की जमली नाही असं कशाला? एखाद्याला तरी तू आपल्या बळावर मागे टाकलं असशील.

"असेन. पण कोणाला, ते मला आता कधीच कळणार नाही."

आणि ते पिवळं फडकं घेऊन ती पंचांच्या खोलीकडे चालायला लागली. मी मागून गेलो. मुख्य पंच सुमंत नावाचे गृहस्थ आहेत, फार सावकाश बोलतात. कोणाविरुद्ध हरकत, असं त्यांनी विचारलं. ती म्हणाली, माझ्याविरुद्ध. हरकत घेणारं कोण? तीही मीच. त्यांनी चष्मा काढून पुसला. तसा अर्ज त्यांच्याकडे आजवर आलेला नव्हता, छापील कागदावर दोन वेगळी नावं लागतात. शेवटी एका रकान्यात तिने पूर्ण नाव लिहिलं आणि दुसऱ्यात नुसतं 'वरीलप्रमाणे'.

क्षितिजला बोलावलं. तो खाली मान घालून म्हणाला की मागे पिवळं दिसलं म्हणून सरलो. पुढे गेल्यावर बघतो तर गाडी हिची. वाटलं, उन्हामुळे माझ्याच डोळ्यांनी फसवलं, आता तक्रार करायची ती स्वतःच्या डोळ्यांचीच ना? बाकीच्या चौघांनाही विचारलं. सगळ्यांची तीच कथा. प्रत्येक जण आपापल्या डोळ्यांवर नाराज होऊन गप्प बसला होता आणि एकाने तर चष्मेवाल्याकडे सोमवारची वेळही घेऊन ठेवली होती. पंचांनी पुस्तक काढलं. हळदीचा उल्लेख कुठे नव्हता. पाटी चुकीच्या रंगाची असेल तर दहा सेकंदांचा दंड होता. धनू जिंकली होती सातने. सुमंत म्हणाले, "सरी," म्हणजे ठीक, आणि तीन सेकंदांनी कप क्षितिजकडे गेला. चांगला मुलगा आहे. कप खाली ठेवून त्याने ते चित्रान्न खाल्लं, दोनदा मागून घेतलं.

शर्यत चाळीस मिनिटांची होती, मल्लेश्वरमला परतायला पावणेतीन तास लागले. सिल्क बोर्डाच्या सिग्नलला धनू मला म्हणाली की आईला हळदीचं काही सांगायचं नाही, तिने हौसेने पाठवली होती, आयुष्यभर मनाला लावून घेईल. मी म्हणालो, बरं. (माझं 'बरं'ही तुमच्याच साच्यातलं.) त्याच संध्याकाळी तिने गाडीचे फोटो काढून विक्रीला टाकले. रडली वगैरे नाही. फक्त रोज कामावरून आली की गाडीत जाऊन बसते, किल्ली न लावता, आणि गिअर बदलते. आमच्या भिंतींतून तोही आवाज येतो.

बाकी क्षेम. आप्पाजींना नमस्कार सांग, आणि गुडघा हलत असेल तर त्यालाही.

तुझा,
बसवंत

ता. क. पत्र लिहायचं कारण वर राहूनच गेलं. तू कपाची अट घातली होतीस, आणि कप तर तिच्या हातात होता. अकरा मिनिटं गप्प बसली असती तर तो आज तुझ्या शोकेसमध्ये असता आणि तुला कधी कळलंही नसतं. तेव्हा तिला आणखी एक वर्ष दे. मी सांगितलं असं मात्र म्हणू नकोस. तुझं तुलाच वाटलं असं म्हण.

ता. क. २. वर 'तुझ्या सांगण्याप्रमाणे' असं लिहिलं आहे ते खोडायचं होतं, पण कागद खराब दिसला असता. तू फोनवर म्हणाली होतीस, एक बोट लाव. मी डबा संपवला. तेव्हा मनाला लावून घेऊ नकोस, ते माझ्याकडे आहे. दुकानात कोणीतरी बसायलाच हवं असेल तर डिसेंबरपासून मी येतो. पंपातलं मला काही कळत नाही, पण गिऱ्हाइकाला चहा पाजून बसवून ठेवता येतं.

ता. क. ३. रविवारी गाडी बघायला होसूरचा एक मनुष्य आला होता. धनू घरी नव्हती. तिच्याकडून धडा घेऊन मी त्याला गाडीचे सगळे दोष खरेखरे सांगितले, कोबीसकट. तरी तो हटेना, मग नसलेलेही सांगितले. तो गेला. काल आणखी एक आला, त्यालाही घालवला. येत्या शनिवारी तिसरा येणार आहे, आणि माझ्याकडचे दोष आता संपत आले आहेत. तेव्हा उत्तर पत्राने नको. शुक्रवारपर्यंत तिला फोन कर.